चेक न वटल्याचा दिवाणी दावा (समरी सूट) आलाय, बचाव कसा करायचा? सोलापूर

ताणाबाणा
नमस्कार मंडळी. अक्कलकोट रोड एमआयडीसीत आमचा टॉवेलचा छोटा कारखाना आहे, वडिलांच्या काळापासूनचा. सूत एका व्यापाऱ्याकडून उधारीवर घ्यायचो. २०२१ मध्ये व्यवहार सुरू झाला तेव्हा त्यांनी रिवाजाप्रमाणे सही केलेले दोन कोरे चेक ठेवून घेतले. इथे उधारीवर सूत उचलणाऱ्या कुणालाच हे नवीन नाही.

२०२३ च्या दिवाळीआधी जो माल आला त्यात दोन लॉट (मिलमधल्या दोन वेगळ्या खेपा) मिसळलेले निघाले. विणताना कळत नाही. डाईंगहून टॉवेल आले तेव्हा प्रत्येक नगावर आडवे पट्टे, एक गडद, त्याला लागून एक फिका. समोरच्या पार्टीने गठ्ठे नाकारले. न वापरलेलं सूत मी टेम्पोने त्यांच्या गोदामावर परत पाठवलं. सोबतच्या चलनाच्या (माल पाठवल्याच्या कागदाच्या) प्रतीवर त्यांच्या माणसाची सही आहे आणि 'माल परत आला' हे त्याच्याच हातचं. क्रेडिट नोट (परत घेतलेल्या मालाची रक्कम वजा केल्याचा कागद) मात्र शेवटपर्यंत दिली नाही. तेव्हापासून खातं वादात.

या वर्षी त्यांनी त्यातल्या एका चेकवर ७,४०,००० टाकून तो बँकेत लावला, परत गेला. आता दिवाणी न्यायालयाचं समन्स आलंय. ७,४०,००० अधिक १८ टक्के व्याज. फौजदारी केस नाही, कलम १३८ ची (चेक न वटल्याच्या फौजदारी गुन्ह्याची) नोटीसही कधी आली नाही. परत गेलेलं सूत ३,८०,००० चं, खराब टॉवेलपोटी मी टाकलेली डेबिट नोट (नुकसान त्यांच्या नावे टाकल्याचा कागद) १,५०,००० ची. हे वजा जाता माझ्या वहीप्रमाणे २,१०,००० देणं निघतं आणि ते मी कधीही नाकारलेलं नाही.

समरी दावा म्हणजे मला साक्षीपुराव्याची संधी मिळणारच नाही का? 'चेक सिक्युरिटीचा होता' एवढं सांगून भागतं का? वकील बघतोय, पण त्यांच्यासमोर बसण्याआधी स्वतःला नीट समजलं पाहिजे. घरी आई आणि बायको दोघी घाबरल्यात, पोलीस येतील का विचारतात.

गड्डेकर
समन्स हातात कधी पडलं ते आधी सांगा. बाकी सगळं नंतर.

ताणाबाणा
सोमवारी. बेलीफ कारखान्यावर आले होते, सही करून घेतलं.

चंद्रभागा_वकील
पंढरपूरला दिवाणी बाजू बघतो, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

आधी घरच्यांना सांगा, पोलीस येणार नाहीत. हा पैशाचा दिवाणी दावा आहे. हुकूमनामा (पैसे द्या असा कोर्टाचा निकाल) झाल्यावर सुद्धा आधी वसुलीची दरखास्त म्हणजे अर्ज लागतो. ऐपत असून मुद्दाम पैसे न देणाऱ्याच्या बाबतीतच दिवाणी कैदेचा विषय निघतो.

आता समरी सूट. दिवाणी प्रक्रिया संहितेची ऑर्डर ३७. हुंडी, प्रॉमिसरी नोट, चेक अशा लेखी कागदावरचे दावे लवकर निकालात निघावेत म्हणून ही वेगळी वाट आहे. साध्या दाव्यात प्रतिवादीला कैफियत (लेखी उत्तर) द्यायचा हक्क असतो. इथे तो हक्क कोर्टाकडून मागून घ्यावा लागतो, त्यालाच 'लिव्ह टू डिफेंड' म्हणतात.

समन्स मिळाल्यापासून १० दिवसांत वकिलामार्फत किंवा स्वतः हजेरी नोंदवायची आणि नोटिशींसाठी पत्ता द्यायचा. त्याची खबर त्याच दिवशी वादीच्या वकिलाला. ही हजेरी चुकली तर दाव्यातलं सगळं तुम्हाला कबूल आहे असं धरून थेट हुकूमनामा होऊ शकतो. हजेरी झाली की वादी 'समन्स फॉर जजमेंट' बजावतो, सोबत 'यांना काहीही बचाव नाही' असं प्रतिज्ञापत्र. ते मिळाल्यापासून पुन्हा १० दिवस. त्यात तुमचं प्रतिज्ञापत्र आणि परवानगीचा अर्ज गेला पाहिजे. उशिराला सबळ कारण असेल तर कोर्ट माफी देऊ शकतं, पण त्या भरवशावर एकही दिवस बसू नका.

सोमवारपासून मोजा आणि उद्याच वकीलपत्र सही करा.

भीमाकाठ
एवढं घाबरायचं काय कारण? कोरा चेक होता, सिक्युरिटीचा होता, रक्कम त्याने भरली. अक्षर दुसऱ्याचं, शाई दुसरी. हस्ताक्षरतज्ज्ञ मागवा, दावा उडाला.

चंद्रभागा_वकील
भीमाकाठ, हा समज लई लोकांना महागात पडलाय. सही कबूल असेल तर बाकीचं कोणी लिहिलं याने फार फरक पडत नाही. २०१९ च्या बीर सिंग निकालात सुप्रीम कोर्टाने हेच म्हटलं: सही करून कोरा चेक स्वेच्छेने दिला तरी तो देण्यापोटीच दिला असं गृहीत धरलं जाईल. ते प्रकरण १३८ चं होतं, पण निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स कायद्याच्या कलम ११८ चं गृहीतक दिवाणी दाव्यालाही लागू आहे. चेक मोबदल्यापोटीच दिला गेला असं कोर्ट आधी धरून चालतं.

पण हे गृहीतक खोडता येतं आणि त्याला फौजदारीतला 'संशयापलीकडे' पुरावा लागत नाही. 'देणं एवढं नव्हतंच' हे जास्त संभवनीय वाटलं तरी पुरे. म्हणून ताणाबाणांचा खरा बचाव 'चेक सिक्युरिटीचा होता' हा नाही. त्यांचा बचाव आहे 'चेकवर लिहिलेली रक्कम खात्यात नाहीच'. पहिल्या वाक्याच्या मागे तोंडी शब्दापलीकडे काही नसतं. दुसऱ्याच्या मागे चलन असतं, वही असते, जीएसटी असतो.

नवी_पेठ_हिशेबनीस
शेवटच्या ओळीला शंभर टक्के अनुमोदन. कर सल्लागार आहे, कापडवाल्यांचीच खाती बघतो.

ताणाबाणा, मला तीन गोष्टी सांगा. परत गेलेल्या मालाचं इनपुट क्रेडिट (खरेदीवरच्या जीएसटीची वजावट) तुम्ही तुमच्या जीएसटी विवरणपत्रात उलटवलं होतं का? टेम्पो गेला तेव्हा ई-वे बिल (माल वाहतुकीचा जीएसटीचा ऑनलाइन कागद) काढलं होतं का? आणि डेबिट नोट नुसती वहीत आहे की त्यांना पाठवल्याचा काही मागमूस आहे?

विचारण्याचं कारण असं. समोरचा वकील तुमची विवरणपत्रं मागवणारच. तिथे पूर्ण खरेदीचं क्रेडिट घेऊन बसलेला माणूस कोर्टात 'माल परत केला' म्हणतो तेव्हा त्याचं स्वतःचंच विवरणपत्र त्याच्याविरुद्ध साक्ष देतं. उलट क्रेडिट उलटवलेलं असेल, तर दावा लागायच्या कितीतरी आधी, भांडण कोर्टात जाईल याचा पत्ताही नसताना तुम्ही सरकारला लिहून दिलंय की हा माल परत गेला. यापेक्षा चांगला कागद नाही. महाराष्ट्रातल्या महाराष्ट्रात एक लाखाच्या वरचा माल हलला तर ई-वे बिल लागतं आणि त्यावर गाडी नंबर, तारीख, वेळ सगळं येतं.

ताणाबाणा
हिशेबनीस साहेब, तुम्ही विचारलंत म्हणून आत्ता सीएकडे फोन केला. क्रेडिट डिसेंबर २०२३ च्या विवरणपत्रात उलटवलंय. ई-वे बिल आमच्याच लॉगिनवरून काढलेलं, त्याची प्रत निघेल. डेबिट नोट त्यांच्या व्हॉट्सअॅपवर फोटो काढून पाठवली होती, दोन निळ्या टिका आहेत, उत्तर नाही.

नवी_पेठ_हिशेबनीस
मग काय, अर्धी लढाई तिथेच. व्हॉट्सअॅपचा तो मोबाइल विकू नका, फॉरमॅट करू नका. इलेक्ट्रॉनिक पुराव्याला आता भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र लागतं, १ जुलै २०२४ पासून. पूर्वी ६५ब म्हणायचे ते.

कोन_काउंट
धाग्यावर सूतवाला मी एकटाच दिसतोय, तेव्हा दुसरी बाजूही ऐका.

मिल आम्हाला आगाऊ पैसे मागते, नाहीतर चार दिवसांची मुदत देते. आम्ही कारखानदाराला महिना-दोन महिने उधार देतो. पैसे थकले की व्याज आम्ही भरतो. बारा महिने माल घेऊन विणून विकलेला माणूस दावा लागला की एकदम म्हणतो 'माल खराब होता'. मी हे वाक्य इतक्या कैफियतींत वाचलंय की वादीचं नाव बदललं तरी मजकूर तोच. कोरा चेक आम्ही हौस म्हणून घेत नाही. पूर्व भागातल्या कित्येक कारखान्यांना बँक दारात उभं करत नाही, तेव्हा आमच्या उधारीवर माग चालतात.

आणि कायद्याचं बोलायचं तर, सूत बीमावर (मागाच्या रुळावर) चढवून टॉवेल विणले म्हणजे माल स्वीकारला. एकदा स्वीकारला की नाकारता येत नाही.

तेलंगी_पाच्छा_पेठ
कोन_काउंट अण्णा, आमच्या घरात तीन पिढ्या माग. उधारीवर चालतात हे खरं, त्याबद्दल व्यापाऱ्याला कुणी वाईट म्हणत नाही. पण क्रेडिट नोट न देता कोऱ्या चेकवर पूर्ण रक्कम टाकायची हे काय बरोबर आहे का ओ? दिलेलं सूत परत घेतलं की नाही, एवढंच सांगा.

कोन_काउंट
परत घेतलं असेल तर क्रेडिट नोट द्यायलाच पाहिजे होती, त्यात दुमत नाही. परत गेलेल्या मालाबद्दल मी बोलत नाहीये. विणलेल्या टॉवेलच्या दीड लाखाबद्दल बोलतोय.

चंद्रभागा_वकील
कोन_काउंट यांचा मुद्दा कायद्याने अर्धा बरोबर आहे आणि तो अर्धा भाग महत्त्वाचा आहे. सेल ऑफ गुड्स कायद्याप्रमाणे माल वापरून टाकला की तो नाकारता येत नाही. पण त्याच कायद्याचं कलम ५९ सांगतं, की माल कबूल केलेल्या दर्जाचा नसेल तर खरेदीदार त्या तुटीपुरती किंमत कमी करून मागू शकतो, आणि विक्रेत्याने किमतीचा दावा केला तर त्या दाव्यातच हे उत्तर देऊ शकतो. म्हणजे दार बंद नाही.

मात्र ३,८०,००० आणि १,५०,००० ही दोन वेगळ्या ताकदीची आकडेवारी आहे, प्रतिज्ञापत्रात एका ढिगात टाकू नका. पहिल्याला सहीचं चलन आहे, ई-वे बिल आहे, उलटवलेलं क्रेडिट आहे. दुसऱ्याला लॉट मिसळल्याचा पुरावा, डाईंगवाल्याचं पत्र, नाकारलेल्या गठ्ठ्यांचा कागद लागेल. वेगवेगळे परिच्छेद करा. न्यायाधीशांना दिसलं पाहिजे की हा माणूस हिशेबाने बोलतोय.

गड्डेकर
वाचनखूण साठवली. सोलापुरात हा धागा छापून चाटी गल्लीत वाटला पाहिजे.

भीमाकाठ
माझा अजूनही विरोध आहे. वकीलसाहेब, ते २,१०,००० कबूल करायचंच कशाला? एकदा कबूल केलं की गेलं. सगळं नाकारा, वादीला सिद्ध करू दे. कोर्टात खरं बोलणारा नेहमी अडकतो, आमच्या गावच्या वाटणीच्या केसमध्ये हेच झालं.

चंद्रभागा_वकील
साध्या दाव्यात तुमचं म्हणणं काही वेळा चालून जातं. समरी सुटात ते बुडवतं. कारण सांगतो.

लिव्ह टू डिफेंड द्यायची की नाही, याची पायरी-पायरीने मांडणी सुप्रीम कोर्टाने २०१६ मध्ये आयडीबीआय ट्रस्टीशिप विरुद्ध हबटाउन या प्रकरणात केली. भक्कम बचाव असेल तर बिनशर्त परवानगी. बचाव अगदी भक्कम नाही पण चौकशी व्हावी असा प्रामाणिक मुद्दा आहे, तर सहसा बिनशर्तच. मुद्दा आहे पण प्रतिवादीच्या प्रामाणिकपणाबद्दल शंका वाटते, तर पैसे किंवा तारण ठेवण्याची अट. बचाव शक्य आहे पण पटण्यासारखा नाही, तर ही अट पूर्ण मुद्दल आणि व्याजापर्यंत जाऊ शकते. आणि बचाव नुसताच पोकळ असेल तर परवानगी नाही, हुकूमनामा. २०२२ मध्ये बी. एल. कश्यप प्रकरणात कोर्टाने हेही सांगितलं की परवानगी देणं हा नियम, नाकारणं हा अपवाद.

आता बघा. ताणाबाणांच्याच वहीत २,१०,००० देणं लिहिलंय, आणि प्रतिज्ञापत्रात ते म्हणतात 'काहीच देणं नाही'. वादी खातेउतारा दाखवणार. एका क्षणात ते 'प्रामाणिक मुद्दा' या पायरीवरून 'शंका' या पायरीवर घसरले. मग खऱ्या वादाच्या ५,३०,००० वरही पैसे भरायची अट लागेल.

उलट ऑर्डर ३७ मध्येच लिहिलंय, की जेवढं देणं प्रतिवादी कबूल करतो तेवढं कोर्टात जमा केल्याशिवाय परवानगी मिळत नाही. म्हणजे २,१०,००० भरायची तयारी अर्जातच लिहा. ती रक्कम आज ना उद्या द्यायचीच आहे आणि तुम्ही ती नाकारलेलीही नाही.

निवृत्त_नाझर
वकीलसाहेबांनी बरोबर सांगितलं. माझी अख्खी नोकरी कोर्टाच्या ऑफिसात गेली. पैसे जमा करायचे तर आदेशाची प्रत घेऊन बँकेचं चलन भरा, पावती जपून ठेवा, आणि त्या पावतीची पुरसीस (कोर्टाला द्यायचं लेखी निवेदन) वकिलाकरवी प्रकरणात लावा. पैसे भरलेत पण प्रकरणात कागद नाही, यावरून कितीतरी भांडणं मी बघितली.

आणखी एक. समन्स घेऊन आलेल्या बेलीफला पाहून लोक मागच्या दाराने जातात. दारावर चिकटवून पंचनामा केला तरी बजावणी होते, आणि दहा दिवस तुम्हाला न कळता पळायला लागतात. ताणाबाणा यांनी सही करून घेतलं हे फार चांगलं केलं.

सुनंदा_बाळे
विषय थोडा वेगळा आहे, चालेल का? माझ्या बहिणीच्या यजमानांनी भिशीच्या पैशापोटी एकाला चेक दिला होता. ते मागच्या वर्षी वारले. आता तो माणूस बहिणीला रोज सांगतो की चेक बाउन्सची केस तुझ्यावर घालतो, तुला आत टाकतो. ती विडी कामगार आहे, घाबरून रडत बसते.

चंद्रभागा_वकील
सुनंदाताई, चालेल ना. १३८ ची फौजदारी जबाबदारी चेकवर सही करणाऱ्याची. तो गेल्यावर ती त्याच्या बायकोवर येत नाही. तिला आत टाकणं कुणाच्या हातात नाही, हे आजच तिला सांगा. दिवाणी दावा वारसांवर होऊ शकतो, पण यजमानांच्या मागे राहिलेली जी मालमत्ता वारसांच्या हातात आली तेवढ्यापुरताच. तिची स्वतःची कमाई त्यात येत नाही.

आणि महिलेला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात, जिल्हा न्यायालयाच्या आवारातच अर्ज द्या. दावा आला तर समन्स घेऊन थेट तिथे.

सुनंदा_बाळे
दादा, खूप आधार वाटला. आत्ताच तिला फोन लावते.

तेलंगी_पाच्छा_पेठ
सुनंदाताई, तो माणूस घरी येऊन धमकावत असेल तर तारीख-वेळ लिहून ठेवायला सांगा बहिणीला. फोन येत असतील तर रेकॉर्ड.

होटगी_रोड
मूळ विषयावर एक शंका. दोघंही व्यापारी, रक्कम तीन लाखांच्या वर. मग हा व्यापारी वाद झाला ना? २०१५ च्या कमर्शियल कोर्ट कायद्याप्रमाणे दाव्याआधी मध्यस्थी करावी लागते. ती केली नसेल तर दावाच फेटाळला जाऊ शकतो. २०२२ मध्ये पाटील ऑटोमेशन प्रकरणात सुप्रीम कोर्टाने ही मध्यस्थी सक्तीची आहे म्हणून सांगितलं.

चंद्रभागा_वकील
होटगी_रोड यांनी नेमकं बोट ठेवलं. कलम १२अ. तातडीचा मनाई हुकूम मागितला नसेल तर विधी सेवा प्राधिकरणाकडे आधी मध्यस्थीचा अर्ज लागतो. ताणाबाणा, दाव्याच्या शीर्षकात 'कमर्शियल' शब्द आहे का आणि सोबतच्या कागदांत मध्यस्थीचा अहवाल आहे का ते बघा.

यावर फार आशा मात्र लावू नका. दावा फेटाळला गेला तरी व्यापारी मध्यस्थी करून पुन्हा येईल, आणि मध्यस्थीत गेलेला काळ मुदतीच्या तीन वर्षांत धरत नाहीत.

ताणाबाणा
पाहिलं. 'कमर्शियल समरी सूट' असंच लिहिलंय आणि अहवालही जोडलाय. मध्यस्थीच्या दोन्ही नोटिसा आमच्या जुन्या, साखर पेठेतल्या पत्त्यावर गेल्या होत्या. 'प्रतिवादी हजर नाही, मध्यस्थी सुरू झाली नाही' असा शेरा.

वकीलपत्र झालं. हजेरी मुदतीत नोंदवली. वकील इथलेच आहेत, त्यांनीही पहिल्या भेटीत वहीच मागितली.

भीमाकाठ
१८ टक्के व्याज तरी लागणार नाही ना? ही तर सावकारी झाली.

चंद्रभागा_वकील
व्याजाचा दर ठरलेला नसेल तर निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स कायद्याच्या कलम ८० मध्येच १८ टक्के आहे, त्यामुळे तो आकडा त्यांनी हवेतून आणलेला नाही. बिलावर वेगळा दर छापला असेल तर तो बघावा लागेल. पण व्याज मुद्दलावर. मुद्दल ५,३०,००० ने कमी झालं की व्याजही त्याच मापाने खाली येतं.

सावकारीचं म्हणाल तर सूत उधार देणं म्हणजे सावकारी नव्हे. महाराष्ट्र सावकारी कायदा, २०१४ प्रमाणे विनापरवाना सावकाराला कोर्ट हुकूमनामा देत नाही हे खरं, पण तो व्याजाने कर्ज देण्याचा धंदा करणाऱ्यांसाठी. उगाच सगळे बचाव एकत्र घातले की चांगला बचावही हलका दिसतो.

कोन_काउंट
हे वाक्य आवडलं. आमच्याविरुद्धच्या कैफियतींत सही खोटी, माल आला नाही, माल खराब आला आणि पैसे रोख दिले, हे चारही एकाच वेळी असतं. माल आलाच नाही तर खराब कुठून आला?

होटगी_रोड
अटीचा आदेश कडक आला तर अपील कुठे?

चंद्रभागा_वकील
सशर्त परवानगीवर सहसा अपील नाही, हायकोर्टात रिट करावं लागतं. आपल्या जिल्ह्याला त्यासाठी आता मुंबई नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच सुरू झालंय, सोलापूर त्याच्याच कक्षेत.

गड्डेकर
सोलापुरातून कोल्हापूरची सकाळची एसटी पकडा, सोबत कडक भाकरी आणि शेंगा चटणी बांधून घ्या. तारीख पुढे गेली तरी पोट भरलेलं राहील.

तेलंगी_पाच्छा_पेठ
शेंगा चटणी कोर्टात नेऊ नका, न्यायाधीश जप्त करतील!

नवी_पेठ_हिशेबनीस
ताणाबाणा, रात्री एक डोक्यात आलं. चेक २०२१ चा म्हणता. त्याच चेकबुकातले आधीचे-नंतरचे नंबर कधी वटले ते बँकेच्या उताऱ्यात दिसेल. समजा या नंबराच्या मागचा चेक आणि पुढचा चेक दोन्ही २०२१ मध्येच वटलेत आणि हा मधलाच २०२५ ची तारीख घेऊन उभा आहे, तर तो बिलापोटी त्या दिवशी दिला हे वादीचं म्हणणं तिथेच लंगडं पडतं. बँकेकडून शिक्क्याचा उतारा घ्या.

चंद्रभागा_वकील
हिशेबनीस साहेब, हा पुरावा हस्ताक्षरतज्ज्ञापेक्षा शंभर पटीने बरा आणि फुकट. वादीने दाव्यात 'चेक अमुक तारखेला हिशेबापोटी दिला' असं लिहिलं असेल तर तर नक्कीच.

त्याला जोडून वादीची वही मागा. १९६१ च्या कुंदनलाल रल्लाराम प्रकरणात सुप्रीम कोर्टाने म्हटलंय, की ज्याच्याकडे हिशेबाच्या वह्या आहेत त्याने त्या दडवल्या तर त्या त्याच्याविरुद्ध जातात असं कोर्ट धरू शकतं आणि त्यावरून कलम ११८ चं गृहीतक खोडलं जाऊ शकतं. वादीच्या खात्यात परत आलेलं सूत जमा दिसलं तरी तुमचं काम झालं, आणि वही आणलीच नाही तरी झालं.

ताणाबाणा
मंडळी, बऱ्याच दिवसांनी लिहितोय. बँकेचा उतारा मिळाला. मागचे तीन आणि पुढचे दोन्ही नंबर २०२१ च्या जून ते ऑगस्टमध्ये वटलेत. दाव्यात मात्र चेक मार्च २०२५ मध्ये 'हिशेब करून दिला' असं लिहिलंय.

समन्स फॉर जजमेंट आलं, मुदतीत अर्ज आणि प्रतिज्ञापत्र दिलं. आकडे वकीलसाहेबांनी सांगितले तसे वेगवेगळे मांडले. काल युक्तिवाद झाला. समोरच्या वकिलांनी 'प्रतिवादी देणं बुडवतोय' म्हटल्यावर न्यायाधीशांनी आमचं प्रतिज्ञापत्र उघडून २,१०,००० च्या परिच्छेदावर बोट ठेवलं आणि त्यांना विचारलं, चलनावरची सही तुमच्या माणसाची आहे की नाही? ते म्हणाले, माहिती घेऊन सांगतो. आदेश: कबूल केलेले २,१०,००० चार आठवड्यांत जमा करायचे, ते केल्यावर बचावाची परवानगी. बाकी रकमेवर कसलीही अट नाही.

पैसे भरायची व्यवस्था झालीय. आता कैफियत. एकच अडचण आहे, चलनावर सही करणारा गोदामवाला त्यांची नोकरी सोडून गेलाय.

भीमाकाठ
अभिनंदन मालक! माझं म्हणणं मागे घेतो. कबूल करण्याने फायदा होतो हे पहिल्यांदाच बघितलं.

निवृत्त_नाझर
अभिनंदन. आदेशाची नक्कल आजच मागा आणि शेवटच्या दिवसाची वाट बघू नका. चलनाला बँकेत वेळ लागतो.

चंद्रभागा_वकील
फार छान. कैफियतीला साधारण ३० दिवस, आणि व्यापारी दाव्यात १२० दिवसांपुढे कोर्टालाही मुदत वाढवता येत नाही. तुमच्याकडचे सगळे कागद कैफियतीसोबतच द्यायचे, नंतर द्यायचे तर कोर्टाची परवानगी आणि सबळ कारण लागतं. त्यामुळे डाईंगवाल्याचं पत्र आत्ताच घ्या.

गोदामवाला नोकरीत नाही म्हणून अडत नाही. त्याला कोर्टाकडून साक्षीसमन्स काढता येतं. तो सापडला नाही तरी त्या काळातल्या दुसऱ्या चलनांवर त्याचीच सही असेल, ती वादीने स्वतःच दाव्यासोबत माल पोचल्याचा पुरावा म्हणून जोडली असण्याची शक्यता आहे. जोडलेल्या चलनांवर बघा.

मधल्या काळात लोकअदालतीत मिटत असेल तर मिटवायला हरकत नाही. तिथल्या निवाड्यावर अपील नसतं आणि वादीला कोर्ट फी परत मिळते, म्हणून तोही कधीकधी ऐकतो.

ताणाबाणा
साहेब, पाचपैकी चार चलनांवर तीच सही आहे! त्यांनीच जोडलीत.

कोन_काउंट
ताणाबाणा, तुमच्या दीड लाखासाठी एक सांगतो. लॉट नंबर बॅगेवर असतो, पण मिश्रण झालं की नाही ते कोनाच्या (सूत गुंडाळलेल्या शंकूच्या) कागदी नळीवर कळतं. मिल लॉटप्रमाणे किंवा काउंटप्रमाणे (सुताच्या जाडीप्रमाणे) नळीच्या टोकाचा रंग नाहीतर छपाई बदलते. एकाच बॅगेत दोन रंगांची टोकं असतील तर कुठलाही सूतवाला कोर्टात नाही म्हणू शकणार नाही. रिकाम्या नळ्या भंगारात गेल्या नसतील तर बॅगेच्या लेबलासकट फोटो काढा आणि नळ्या जपून ठेवा. गरज पडली तर नळी कशी वाचायची हे तुमच्या वकिलांना मी समजावून सांगतो, व्यक्तिगत संदेश करा.

ताणाबाणा
कोन_काउंट अण्णा, वार्पिंगच्या खोलीत एक पोतं भरून नळ्या आहेत. आत्ता खाली जाऊन बघितलं, एकाच लेबलच्या बॅगेत हिरवी आणि निळी, दोन्ही टोकं निघाली. संदेश पाठवलाय, सवडीने बघा.